वाघोलीच्या एका नळाची दोन उत्तरं

पुण्याला चार दिवस राहून आले आणि शनिवारवाडा पाहिला नाही, हे कळल्यापासून आमच्या मेहकरात माझी पत जरा घसरली आहे. "मग पाहिलं तरी काय?" असं शेजारच्या काकूंनी विचारलं, तेव्हा मी "पाणी पाहिलं" म्हणाले. काकूंनी आत जाऊन मला लिंबूसरबत आणून दिलं. बाईला ऊन लागलं असावं, असा त्यांचा समज झाला. म्हणून आता सगळं सविस्तर लिहूनच काढते.

मी इथल्या एका कॉलेजात रसायनशास्त्र शिकवते. नव्या अभ्यासक्रमात बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला प्रकल्पासाठी काही तास मोकळे ठेवले आहेत आणि ते कसे वापरायचे हे कॉलेजवर सोडलं आहे. कॉलेजवर सोडलं की काय होतं ते आपल्याला ठाऊक आहे. बसस्टँडसमोरच्या दुकानात 'प्रदूषण : एक अभ्यास' सोनेरी अक्षरांच्या बाइंडिंगसह तयार मिळतो. मुलं त्यावर नाव बदलून आणतात आणि आम्ही सही करतो. मला ते नको होतं. रोजच्या प्रॅक्टिकलमध्येच मुलांनी एखादा खरा प्रश्न घ्यावा, ज्याचं उत्तर कुठल्याही पुस्तकात नाही असा, हे मी दर बैठकीत मांडायची आणि दर बैठकीत चहा आला की विषय बदलायचा.

विरोध होता तो उपप्राचार्य गावंडे सरांचा. तेही रसायनशास्त्राचेच. तरुणपणी त्यांचा हात इतका स्वच्छ होता म्हणे, की बाहेरचे परीक्षक त्यांचं ब्युरेट, थेंब मोजून सोडायची ती काचेची नळी, चालताना बघायला थांबत. आता ते परीक्षा सांभाळतात. "इंगळे मॅडम, पोरं पास होऊ द्या आधी, शोध मग लावू," हे त्यांचं म्हणणं. शेवटी प्राचार्य कंटाळले. "पुण्यात वाघोलीच्या एका कॉलेजात हे असलं चालतं म्हणे. दोघं जाऊन पाहून या, सोबत एक विद्यार्थीही न्या. गावंडे सर हो म्हणाले तर जूनपासून सुरू करा. नाही म्हणाले तर हा विषय पुन्हा माझ्यासमोर आणायचा नाही."

म्हणजे माझ्या खटल्याचा न्यायाधीश माझ्याच शेजारच्या सीटवर, जवसाच्या चटणीचा डबा मांडीवर घेऊन पुण्याला निघाला. मागच्या सीटवर पहिल्या वर्षाची वैष्णवी होती. ती जूनमध्ये दुसऱ्या वर्षाला जाणार, तेव्हा फैसला तिच्याच बॅचचा होता. बोलायला कमी आणि हाताला स्थिर, म्हणून मी तिला निवडलं होतं.

वाघोली

ट्रॅव्हल्सनं आम्हाला नगर रस्त्यावर उतरवलं. समोर एकामागे एक टँकर उभे होते, आणि त्यांच्यामागे आम्ही मोजायचं सोडून दिलं इतक्या मजल्यांच्या इमारती. गावंडे सर म्हणाले, "पुण्याच्या चहूकडं धरणं आहेत असं भूगोलात शिकलो होतो." मी म्हटलं, "भूगोल बदलत नाही सर, टँकर वाढतात." रस्ता ओलांडायला आम्हाला जेवढा वेळ लागला तेवढ्यात मेहकरात माणूस बाजार करून घरी येतो.

कॉलेजच्या दारात शेख मॅडम उभ्या होत्या. त्याच हा सगळा उद्योग चालवतात. भवानी पेठेत त्यांच्या घराच्या कित्येक पिढ्या गेल्या आणि भाषा अशी चोख की आपल्या तोंडचा प्रत्येक 'ळ' तपासून घ्यावासा वाटावा. "या. आपण साडेनऊ म्हणाला होता," त्या हसून म्हणाल्या, "मेहकरचे का पुण्याचे, तेवढं विचारायचं राहून गेलं माझ्याकडून." अकरा वाजायला आले होते.

त्यांच्या प्रयोगशाळेत मात्र मी दारातच थबकले. काचसामान आमच्यासारखंच, थोडं फुटकं, थोडं दोऱ्यानं बांधलेलं. नळ आमच्यासारखाच गळका. प्रयोगही तोच, जो महाराष्ट्रातल्या प्रत्येक कॉलेजात होतो: पाण्यात क्षार किती ते शोधायचं. फ्लास्कमध्ये पाणी घ्यायचं, रंगद्रव्याचे दोन थेंब टाकून ते लाल करायचं, वरून ब्युरेटमधलं द्रावण थेंब थेंब सोडायचं आणि लाल रंग जाऊन निळा आला की थांबायचं. पाणी जितकं जड तितकं द्रावण जास्त लागतं. आमच्याकडे ते पाणी आम्हीच बाटलीत बनवून ठेवतो आणि उत्तर आधीच ठाऊक असतं. इथं प्रत्येक मुलानं आपापल्या घरच्या नळाचं पाणी आणलं होतं. भिंतीवर वाघोलीचा हातानं काढलेला भला मोठा नकाशा होता. ज्या इमारतीचं पाणी चांगलं तिथं हिरवी टिकली, जड तिथं लाल. अर्धा नकाशा अजून कोराच होता.

गावंडे सरांनी एका टेबलापाशी थांबून विचारलं, "मॅडम, याचं उत्तर किती यायला पाहिजे?"

"मला कल्पना नाही," शेख मॅडम म्हणाल्या. "आलं की मलाही सांगा."

सरांना वाटलं, बाई टोमणा मारताहेत. मलाही क्षणभर तसंच वाटलं. पण त्यांना खरंच ठाऊक नव्हतं आणि त्याचं त्यांना काडीचंही दडपण नव्हतं. मला इतका हेवा वाटला की काय सांगू. इतक्या वर्षांत वर्गात उभं राहून "मला माहीत नाही" म्हणायची माझी छाती झालेली नाही.

वैष्णवीची जोडी मृण्मयी नावाच्या मुलीशी लागली. ती शेजारच्याच एका मोठ्या सोसायटीत राहते, तेव्हा वैष्णवीचा मुक्कामही तिच्याचकडे ठरला. "तू टेन्शन नको घेऊस गं," मृण्मयी तिला म्हणाली, "आमच्या किचनच्या टॅपचंच पाणी करू आपण. संध्याकाळी एक बॉटल, सकाळी एक. सिंपल आहे."

दुपारी कँटीनमध्ये गावंडे सरांनी आमटीचा पहिला घोट घेतला आणि वाटीकडे पाहतच राहिले. "हे जेवणानंतर देतात का?" त्यांनी मला हळूच विचारलं. आमटीत गूळ होता. सरांनी डबा उघडला आणि जवसाची चटणी भातावर अशी पसरली, जशी शेतात राख पसरतात.

दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत नकाशावर मृण्मयीच्या सोसायटीच्या जागी लाल टिकली लागली. वैष्णवीची संध्याकाळची आणि सकाळची रीडिंग अगदी दशांशापर्यंत जुळत होती. गावंडे सरांनी ती स्वतः पाहिली आणि त्यांचा चेहरा खुलला. "पाहा मॅडम, याला म्हणतात शिस्त. आपल्या पोरीचं कसं पक्कं जुळलं!" पुण्याच्या मुलांची रीडिंग इकडेतिकडे जात होती आणि आमच्या मुलीची जुळली होती, याचा मलाही अभिमान वाटला.

त्याच वेळी दारातून मोठा आवाज आला. पांढरा सदरा, पायात कोरी करकरीत चप्पल आणि हातात दोन मोबाइल असे एक गृहस्थ आत शिरले. यांना सगळी वाघोली भाऊसाहेब म्हणते. ज्या जमिनीवर मृण्मयीची सोसायटी उभी आहे ती एके काळी त्यांची. जमीन गेली, विहीर राहिली आणि आता त्या विहिरीचं पाणी टँकरनं त्याच सोसायटीला जातं. सोसायटीतल्या लोकांचे गिझर वर्षभरात पांढरे पडून बिघडत होते आणि सगळे बोट दाखवत होते भाऊसाहेबांच्या पाण्याकडं. कॉलेजच्या नकाशाची चर्चा त्यांच्या कानावर गेली होती. दोनच दिवसांनी कॉलेजात सोसायटीच्या लोकांना बोलावून मुलं हे सगळं मांडणार होती. लाल टिकली कायम राहिली तर टँकर बंद, असं सोसायटीनं आधीच ठरवून टाकलं होतं.

"ही लाल टिकली कुनी लावली?" त्यांनी विचारलं. वैष्णवी माझ्या मागं सरकली. "बाई, माझ्या आज्यानं खोदल्याली हीर हाय ती. आख्ख्या गावानं त्या पान्यात डाळ शिजवली. आन् आता ते पानी खराब?"

"पाणी चांगलं का वाईट हे आम्ही ठरवत नाही, भाऊसाहेब," शेख मॅडम म्हणाल्या. "आकडा येतो, आम्ही टिकली लावतो."

"मंग आकडा नीट बगा," ते म्हणाले. त्यांचा आवाज मात्र खाली आला होता. "येवढी एक हीरच ऱ्हायलीय आता माझ्याकडं."

भवानी पेठ

त्या संध्याकाळी शेख मॅडमनी आम्हाला घरी जेवायला नेलं. वाघोलीहून भवानी पेठ नकाशात जवळ दिसते. बसमध्ये बसल्यावर ती हळूहळू लांब जाते. त्यांच्या अम्मींनी दुधी घातलेला दालचा, म्हणजे आंबटसर डाळ, आणि भात केला होता, सोबत मिरच्यांचा ठेचा. गावंडे सरांनी पहिला घास घेतला आणि त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. "पुण्यात आल्यापासून पहिल्यांदा जेवलो हो," ते म्हणाले. अम्मींनी त्यांना तिसऱ्यांदा वाढलं आणि आमच्या जवसाच्या चटणीची कृती लिहून मागितली. सरांनी ती स्वतः, भाजण्याच्या वासापर्यंत, समजावून सांगितली. आमच्याकडे पाहुण्याला पोटभर झालं का, असं विचारतात. अम्मी विचारतच नव्हत्या, वाढत होत्या.

वैष्णवीनं मात्र ताटातलं काही खाल्लं नव्हतं. शेख मॅडमनी ते पाहिलं असावं. त्या सहज बोलल्यासारखं म्हणाल्या, "मला विचाराल तर जुळलेल्या रीडिंगचा मला कंटाळा येतो. ती फाईलला लावायची आणि विसरायची. एखादं जुळलं नाही की मग मजा. आपण चुकलो, का पाणी काही सांगतंय?"

वैष्णवी एकदम रडायलाच लागली. "मॅडम, माहं नाही जुळलं हो! म्या जुळवलं."

अम्मींचा पळा हवेतच राहिला. हळूहळू सगळं बाहेर आलं. पहिल्या संध्याकाळचं पाणी जड निघालं. दुसऱ्या सकाळचं त्याच्या निम्म्याहून कमी, म्हणून ते तिनं खोडलं. "एकाच नळाचं पाणी न मॅडम. मग उत्तर एकच पाहिजे. मले वाटलं माह्याच हातानं गडबड झाली. बारावीपासून असंच करतो आमी. एक आलं की बाकीचे तसेच लिहायचे. पण ते भाऊसाहेब आले अन्... माह्यामुळं त्यायची हीर बंद होईन."

मला तिच्यावर राग आला नाही. मी आधी पाहिलं ते गावंडे सरांकडे. त्यांना हवं होतं ते कारण आयतंच हाती लागलं होतं: पाहा तुमचं संशोधन, पोरांना मोकळं सोडलं की हे असं. ते हात धुऊन आले आणि टॉवेल शोधत म्हणाले, "पोरीनं लपवलं ते चूक. पण एका नळाची दोन उत्तरं येतच नाहीत. हातच चुकला असणार. उद्या मी स्वतः करतो."

"अवश्य करा," शेख मॅडम म्हणाल्या. "ॲप्रन देते. आपल्या मापाचा असेल असं नाही."

पुन्हा वाघोली

सकाळी सोसायटीच्या फाटकावर पहारेकऱ्यानं आम्हाला अडवलं. हातात रिकाम्या बाटल्या आणि अंगात पांढरा ॲप्रन बघून त्याला वाटलं, आम्ही पाणी शुद्ध करायची यंत्रं विकायला आलोय. "काका, विक्रेत्यांना परवानगी नाही," तो गावंडे सरांना म्हणाला. सर कधी नव्हे ते चिडले. "मी उपप्राचार्य आहे!" त्यावर तो शांतपणे म्हणाला, "तेही रोज येतात." शेवटी मृण्मयीनं येऊन सोडवणूक केली. त्या दिवशी सगळी बॅच कामाला लागली होती. सकाळी भरलेल्या बाटल्या एका टेबलावर ठेवल्या, संध्याकाळच्या दुसऱ्यावर.

उन्हं कलल्यावर गावंडे सरांनी बाह्या सारल्या. मी आमच्या कॉलेजात आल्यापासून त्यांना ब्युरेट हातात धरताना पाहिलं नव्हतं. त्यांनी ते उजेडाकडे धरून पाहिलं, दोनदा धुतलं, तोटी तिसऱ्यांदा धुतली आणि मग असे काही थेंब सोडायला सुरुवात केली की आजूबाजूची मुलं आपलं काम सोडून जमली. एका थेंबावर लाल, पुढच्या थेंबावर निळं. थेंबाचाही फरक नाही. सकाळच्या पाण्याचं रीडिंग वैष्णवीनं आधी मिळवलं होतं तेच आलं, खोडलेलं ते. "हं," सर म्हणाले.

मग संध्याकाळची बाटली. द्रावण जात राहिलं, जात राहिलं. लाल काही हटेना. निळा रंग आला तेव्हा आकडा दुपटीपलीकडे गेला होता. सरांनी फ्लास्क ओतून दिला आणि पुन्हा केलं. आकडा तोच आला. फ्लास्क बदलून केलं, तरी तोच. वैष्णवी त्यांच्या शेजारी उभी राहून प्रत्येक आकडा लिहून घेत होती.

सरांनी ब्युरेटची तोटी बंद केली. मग ते हसायला लागले. चक्क मोठ्यानं. "अरे बाप्पा," ते म्हणाले, आणि वैष्णवीकडे वळून तिला, आपल्या बरोबरीच्या माणसाला विचारावं तसं विचारलं, "हे असं काहून?"

मी त्या माणसासोबत इतकी वर्षं काम केलं आहे. हा प्रश्न मी त्यांच्या तोंडून कधीच ऐकला नव्हता. मला तिथल्या तिथे टाळ्या वाजवाव्याशा वाटल्या.

"सर, सकाळी अन् संध्याकाळी टाकीत येगळं पाणी येत असंन," वैष्णवी म्हणाली.

"मग शोध की! माझ्याकडं काय बघतेस?"

मृण्मयीनं लगेच सोसायटीच्या ग्रुपवर विचारलं आणि पंप चालवणाऱ्या काकांचं उत्तर वाचून ती ओरडली, "वेट, वेट, मॅडम! पहाटे टँकर येतो ना, ते पाणी दुपारपर्यंतच पुरतं. मग सोसायटीचं स्वतःचं बोअर सुरू करतात. सेम टाकीत! आणि हे आम्हाला कुणालाच माहीत नव्हतं. लिटरली कुणालाच!"

दुसऱ्या दिवशी पहाटे टँकर आला तेव्हा त्याच्या पाइपाखाली गावंडे सर स्वतः बाटली धरून उभे होते आणि वैष्णवी बोअरपाशी. सभा सुरू व्हायच्या आधी दोन्ही बाटल्यांची उत्तरं हातात होती. भाऊसाहेबांच्या विहिरीचं पाणी मृदू होतं. गिझर खाणारं पाणी सोसायटीच्या स्वतःच्या पायाखालून येत होतं.

सभा

कॉलेजच्या हॉलमध्ये सोसायटीची मंडळी, बाहेरून आलेले चार-सहा प्राध्यापक आणि अगदी पहिल्या रांगेत भाऊसाहेब, दोन्ही मोबाइल बंद करून. शेख मॅडमनी माइक सरळ वैष्णवीच्या हातात दिला. मला धाकधूक होत होती. आमच्या मुली पुण्यात तोंड उघडायला लाजतात, आपली बोली ऐकून कुणी हसेल म्हणून.

वैष्णवी उभी राहिली आणि पहिलं वाक्य बोलली: "मी आधी इथं खोटी टिकली लावली होती." तिनं हॉलमध्ये आणून लावलेल्या नकाशाकडे बोट केलं. "मले वाटलं, एका नळाले एकच उत्तर असते. म्हणून म्या दुसरं उत्तर खोडलं. ते खोडलेलं उत्तरच खरं कामाचं होतं." मग तिनं सगळं सांगितलं, सकाळ, संध्याकाळ, टँकर, बोअर, एकेक आकडा, कुठंही न अडखळता. बोली तिनं लपवली नाही आणि हसलंही कुणी नाही. शेवटी तिनं नकाशापाशी जाऊन लाल टिकली काढली आणि त्या जागी दोन लावल्या, शेजारी शेजारी. एक हिरवी, एक लाल.

सोसायटीच्या सेक्रेटरींनी घसा साफ केला आणि टाय नीट केला. भाऊसाहेब उठून उभे राहिले. "म्हंजी वरीसभर ह्यांच्याच बोअरनं गिझर खाल्लं, आन् शिव्या खाल्ल्या म्या!" हॉल हसून हसून लोटपोट झाला, सेक्रेटरींसकट. हसू ओसरल्यावर ते वैष्णवीकडं वळले. त्यांचे डोळे भरून आले होते. "पोरी, कुठली गं तू?"

"मेहकरची."

"लांबून आलीस. लई लांबून आलीस माझ्या हिरीसाठी."

त्या दुपारी कँटीनमध्ये जवसाच्या चटणीचा डबा तळापर्यंत खरवडला गेला. शेख मॅडमनी बोटानं शेवटचा कण पुसून घेतला आणि म्हणाल्या, "गावंडे सर, आपण पुन्हा या. साडेनऊ म्हणून अकराला आलात तरी चालेल." पुण्याच्या माणसाकडून यापेक्षा मोठं प्रशस्तिपत्र मिळत नाही, असं मला नंतर कळलं.

परतताना

नगर रस्त्यावर ट्रॅव्हल्सची वाट बघत उभे होतो. प्राचार्यांना काय सांगणार, हे सरांना विचारायचं माझ्या ओठांवर होतं, पण धीर होत नव्हता. तेवढ्यात त्यांनीच फोन लावला आणि चार पावलं बाजूला गेले. टँकरच्या गोंगाटात मी कान लावून उभी राहिले.

"हो सर, जूनपासून. दुसऱ्या वर्षाची सगळी प्रॅक्टिकलं तशीच करू. नाही, नाही, तयार प्रकल्प बंद. अन् ती बॅच मी घेतो. इंगळे मॅडमना पहिलं वर्ष द्या."

मी आयुष्यात इतकी जिंकले नव्हते आणि जिंकता जिंकता माझीच बॅच माझ्या हातून गेली होती. वैष्णवी तोंडावर ओढणी धरून हसत होती.

जूनमध्ये पहिल्या प्रॅक्टिकलला राहवेना म्हणून मी दारात जाऊन उभी राहिले. आमच्या मेहकरात नळाला आठवड्यातून एकदा पाणी येतं, आणि गावंडे सरांच्या दोन्ही हातांत दोन बाटल्या होत्या. एक नळ सुटल्या सुटल्या भरलेली, दुसरी नळ जाता जाता. त्यांनी त्या टेबलावर ठेवल्या. पहिल्या बाकावरच्या एका मुलानं फळ्याच्या कोपऱ्याकडे पाहिलं, जिथं दर वर्षी उत्तर लिहिलेलं असतं. कोपरा कोरा होता. त्यानं चाचरत विचारलं, "सर, किती यायला पाहिजे?"

दारातल्या माझ्याकडे आणि ब्युरेट धूत असलेल्या वैष्णवीकडे सरांनी आळीपाळीनं पाहिलं.

"माहीत असतं," ते म्हणाले, "तर पाणी घरून आणलं असतं का रे?"